शेवटी उरते ते गाणे

जोयडा तालुक्याचे जुने नाव सुपा. काळी नदीच्या काठी वसलेले सुपा गाव हेच पूर्वी तालुक्याचे ठाणे होते. पुढे जलविद्युत प्रकल्पासाठी गणेशगुडीजवळ धरण उभे राहिले आणि १९८० च्या दशकात ते गाव आपल्या देवळांसह, अंगणांसह व पाऊलवाटांसह पाण्याखाली गेले. तालुक्याचा कारभार जोयड्यास आला. विस्थापितांपैकी अनेकांनी रामनगरला नव्याने संसार मांडले. असे घर सोडताना माणूस बरोबर काय नेऊ शकतो? भांडीकुंडी नेता येतात, देव्हाऱ्यातील मूर्ती नेता येतात, क्वचित दारांच्या चौकटीही उपसून नेता येतात. विहीर नेता येत नाही, पारावरचा वड नेता येत नाही. परंतु त्या पारावर म्हटलेली भजने, शिगम्याची गाणी आणि लेकरांना निजवताना गुणगुणलेल्या ओव्या मात्र ना गाडीत भराव्या लागतात, ना त्यांची नुकसानभरपाई मागावी लागते. त्या माणसाबरोबर आपसूक चालत येतात.

हे विधान भावुक वाटण्याचा संभव आहे. तथापि गाणे माणसाला इतके घट्ट का चिकटून राहते, या प्रश्नाचे उत्तर गेल्या साठसत्तर वर्षांत मज्जाशास्त्रज्ञांनी पुष्कळ अंशी शोधून काढले आहे. त्या उत्तराचे सार असे की, गाणे मेंदूच्या एखाद्या कोपऱ्यात राहत नाही. ते एकाच वेळी अनेक दालनांत वस्ती करून असते. एका दालनाला आग लागली तरी दुसऱ्यात त्याचा काही भाग शिल्लक राहतो. महाराष्ट्राबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आपल्यासारख्या घरांना या गोष्टीचे विशेष महत्त्व आहे. ते का, हे पाहण्यापूर्वी मेंदूत गाणे शिरते कसे, ते समजावून घेऊ.

स्वर घडतो कोठे?

बाहेरच्या जगात स्वर नसतो, असतात त्या केवळ हवेच्या लहरी. त्या कानाच्या पडद्यावर आदळतात. तीन इवल्याशा हाडांच्या साखळीतून त्यांचा कंप आतल्या कानात पोहोचतो. तेथे गोगलगाईच्या शंखासारखी वळसे घेत गेलेली, द्रवाने भरलेली एक नळी असते. तिच्यातील पडद्याचा आरंभीचा भाग तार स्वरांनी थरथरतो, शेवटचा भाग मंद्र स्वरांनी. पडद्यावरील सूक्ष्म केशपेशी त्या थरथरीचे विद्युत्‌संदेशात रूपांतर करतात. हे संदेश टप्प्याटप्प्याने मेंदूत, कानशिलाच्या आत असलेल्या श्रवणकेंद्रापर्यंत जातात. तेथेही पेशींची मांडणी पेटीच्या पट्ट्यांसारखी, खालच्या स्वरापासून वरच्या स्वरापर्यंत ओळीने केलेली आढळते.

पण मेंदू नुसता आलेला माल उतरवून घेणारा हमाल नव्हे. तो कारागीर आहे. धारवाडचे आकाशवाणी केंद्र १९५० साली सुरू झाले आणि पुढे जंगलातील वाड्यावस्त्यांतही तळहाताएवढे रेडिओ पोहोचले. अशा रेडिओच्या चिमुकल्या कर्ण्यातून मंद्र सप्तकातील मूळ कंप जवळजवळ बाहेर पडतच नाहीत. बाहेर पडतात ते त्यांचे वरचे उपस्वर. तरीही आपल्याला मल्लिकार्जुन मन्सूर किंवा भीमसेन जोशी यांचा खर्ज ऐकू येतो! उपस्वरांची परस्परांतील अंतरे पाहून मेंदू मूळ स्वराचा हिशेब करतो आणि गैरहजर असलेला स्वर आपल्यापुढे हजर करतो. याच्या उलट प्रकार तंबोऱ्याचा. खर्जाची तार एकच, पण जव्हारी नीट लागली असेल तर सरावलेल्या कानाला तिच्यातून गांधारही ऐकू येतो. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२० च्या सुमारास तंबोरा, वीणा, तबला व मृदंग यांच्या नादाचा अभ्यास करून या वाद्यांतील उपस्वरांची शास्त्रीय मांडणी केली होती. तबल्याच्या पुडीवरील शाई ही शोभेची नसून तिच्यामुळे चामड्याचे बेशिस्त कंप सुरेल होतात, हे त्यांनीच दाखवून दिले.

त्याच्याही आधी, १९१० साली, सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी बावीस श्रुतींवर इंग्रजीत ग्रंथ लिहिला. या संशोधनात त्यांना अब्दुल करीम खाँसाहेबांच्या गळ्याचे साहाय्य झाले. स्वरांचे मोजमाप करण्याची जिज्ञासा आपल्या भागाला नवी नाही, एवढेच येथे नमूद करावयाचे आहे. मात्र देवलांना तारेची लांबी मोजता येत होती. स्वर ऐकताना मेंदूत काय घडते, हे पाहण्याचे साधन त्या काळी जगात कोणापाशीच नव्हते. ते पुढे आले आणि मग आश्चर्याचे धक्के बसू लागले.

बसल्या जागी पाय का हलतो?

पहिले आश्चर्य लयीचे. भजनाला बसलेल्या मंडळीत एखादा गृहस्थ गात नाही, टाळ वाजवत नाही, नुसता भिंतीला टेकून बसलेला असतो. तरी त्याच्या पायाचा अंगठा तालावर हलत असतो. मेंदूची छायाचित्रे घेणाऱ्यांना आढळले की, माणूस अंगठाही न हलवता अगदी स्तब्ध बसून ताल ऐकत असला, तरी हालचालींचे नियंत्रण करणारे त्याच्या मेंदूतील भाग जागे होतात. मेंदूच्या तळाशी असलेले मज्जापेशींचे पुंजके, लहान मेंदू आणि डोक्याच्या माथ्याजवळील हालचालींची आखणी करणारा भाग हे सारे त्यात सामील असतात. अर्थात ताल आपण ऐकतो, त्याबरोबर मनोमन करतोही.

ही शक्ती जन्मजात आहे. दोनतीन दिवसांच्या अर्भकांना झोपेत ठेक्याचे आवाज ऐकवून त्यांच्या मेंदूतील विद्युत्‌लहरी मोजण्यात आल्या. ठेक्यातील मुख्य ठोका अचानक गाळला की त्या लहरींत खळबळ दिसे. हा प्रयोग २००९ साली प्रसिद्ध झाला. पाळणा हलविताना आई ज्या लयीत गाते ती लय समजण्याची सिद्धता घेऊनच मूल जगात येते.

या ज्ञानाचा उपयोगही झाला आहे. कंपवाताच्या रोग्याची पावले अडखळतात, उंबरठ्यापाशी येऊन पाय जमिनीला खिळल्यासारखे होतात. आतला ताल बिघडलेला असतो. अशा रोग्यांना ठराविक ठेका ऐकवीत चालण्याचा सराव दिला असता त्यांची चाल सुधारते, पाऊल लांब पडते, हे १९९० च्या दशकात सिद्ध झाले. बाहेरचा ठेका आतल्या हरवलेल्या ठेक्याची जागा घेतो. रोपलावणीच्या चिखलात, उखळापाशी किंवा जात्यावर बसून गाणाऱ्या आपल्या आज्या-पणज्यांनी हे शास्त्र पुस्तकात वाचले नव्हते. थकलेल्या हातांना गाणे उचलून धरते, हे त्या अनुभवाने जाणत होत्या.

समेची वाट

दुसरे आश्चर्य आनंदाचे. तीनतालाच्या सोळा मात्रा. गायक तान घेत आवर्तनात कोठे कोठे भटकतो, श्रोत्यांना वाटते की आता हा चुकणार, आणि तो नेमका समेवर येऊन उतरतो. सभागृहातील शंभर माना एकाच क्षणी हलतात. हा आनंद कशाचा? पोट भरत नाही, धन मिळत नाही, तरी अंगावर रोमांच का उभे राहतात?

कॅनडातील माँट्रियल येथील संशोधकांनी या रोमांचांचाच पाठलाग केला. आवडते संगीत ऐकताना ज्यांच्या अंगावर हमखास काटा येतो, अशा लोकांच्या मेंदूची त्यांनी तपासणी केली. २०११ साली प्रसिद्ध झालेले त्यांचे निष्कर्ष असे : भुकेल्याला अन्न मिळाल्यावर मेंदूत जे डोपामीन नावाचे द्रव्य स्रवते, तेच संगीताच्या उत्कट क्षणी स्रवते. आणि अधिक नवलाची गोष्ट म्हणजे, तो क्षण येण्याच्या काही सेकंद आधीच, मेंदूच्या दुसऱ्या एका भागात, त्याचा स्राव सुरू झालेला असतो. म्हणजे आनंद केवळ समेचा नाही. समेची वाट पाहण्याचाही आहे.

मेंदू गाणे ऐकतो तो सतत अंदाज बांधीत. पुढचा स्वर कोणता, ठोका केव्हा, ओळ कोठे वळणार, याचे भाकीत तो क्षणोक्षणी करीत असतो. भाकीत अगदीच खरे ठरत गेले तर तो कंटाळतो. सतत खोटे ठरले तर गोंधळतो. थोडे चकवून शेवटी खरे ठरविणारे गाणे त्याला प्रिय होते. आता हे भाकीत करावयाचे ते कशाच्या बळावर? आधी ऐकलेल्याच्या. म्हणूनच ज्या घरात मूल लहानपणी भूप, भैरवी, अभंगाची चाल आणि आरतीचा ठेका ऐकते, त्या मुलाच्या मेंदूत त्या संगीताची वाट पाहण्याची शक्ती तयार होते. ज्याने ते ऐकलेच नाही, त्याच्यासाठी ती सम केवळ एक ठोका असते. बेळगावजवळच्या सुळेभावीचे शिवपुत्र कोमकळी, म्हणजे आपले कुमार गंधर्व, लहानपणी मोठमोठ्या गायकांच्या ध्वनिमुद्रिका ऐकून त्या हुबेहूब गाऊन दाखवीत. त्या असामान्य प्रतिभेला बालपणीच्या ऐकण्याचे भरपूर खाद्य मिळाले होते.

वाचा गेली तरी

तिसरे आश्चर्य सर्वांत मोठे, आणि घराघराशी संबंध असलेले. पक्षाघाताचा झटका मेंदूच्या डाव्या बाजूस बसला म्हणजे बहुधा उजवे अंग लुळे पडते आणि पुष्कळदा वाचाही जाते. मनात शब्द असतो, ओठांवर येत नाही. अशा रोग्यांपैकी काहींना एक साधे वाक्य उच्चारता येत नाही, परंतु ओळखीचे गाणे सुरू करून दिले की ते शब्दांसकट म्हणता येते. घरची माणसे हे पाहून चकित होतात. काहींना तर रोगी सोंग करतो असा संशय येतो. तो संशय सर्वस्वी अन्यायाचा आहे. बोलण्यासाठी दर वेळी नवे वाक्य जुळवावे लागते आणि ते काम प्रामुख्याने डाव्या भागाचे. मुखोद्गत गाण्याची मात्र साखळी बनलेली असते. शब्द, चाल व लय एकमेकांत ओवलेली असतात, आणि चालीचे काम पाहण्यात उजव्या भागाचाही मोठा वाटा असतो.

रशियन संगीतकार विस्सारिओन शेबालिन यांचे उदाहरण या शास्त्रात प्रसिद्ध आहे. १९५३ व १९५९ साली त्यांना पक्षाघाताचे झटके आले. दुसऱ्यानंतर बोलणे आणि दुसऱ्याचे बोललेले समजणे हे दोन्ही त्यांना अतिशय कठीण झाले. तरीही त्यांनी संगीतरचना चालूच ठेवली आणि १९६२ मध्ये आपली पाचवी सिंफनी पूर्ण केली. लूरिया या नामवंत मज्जामानसशास्त्रज्ञांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी ही हकिकत १९६५ साली नोंदवून ठेवली. भाषेचे घर कोसळले असताना संगीताचे घर उभे राहू शकते, याचा हा पुरावाच होय. पुढे १९७३ साली बोस्टनमधील संशोधकांनी याच तत्त्वावर एक उपचारपद्धती मांडली. ‘पाणी हवे’ यासारखी रोजची लहान वाक्ये सुरांवर व डाव्या हाताच्या ठेक्यावर म्हणवून घ्यावयाची आणि हळूहळू सूर कमी करीत बोलण्यापर्यंत यावयाचे. ही पद्धत सर्वांना सारखीच लागू पडत नाही आणि तिला महिनोन्‌महिने चिकाटी लागते. परंतु काही रोग्यांना तिने वाक्ये परत मिळवून दिली आहेत.

स्मृतिभ्रंशाची कथा याहून हृदयद्रावक. अल्झायमरच्या रोगात माणूस नातवाचे नाव विसरतो, नंतर मुलाचे, कधी कधी स्वतःच्या घराचाही रस्ता. अशी आजी शेजारच्या खोलीत आरती सुरू झाली की हात जोडते आणि शेवटच्या कडव्यापर्यंत अचूक म्हणते, हा अनुभव अनेक कुटुंबांचा आहे. जर्मनीतील लाइपझिग येथील संशोधकांनी २०१५ साली याचे एक कारण पुढे ठेवले. फार वर्षांपासून ओळखीच्या असलेल्या गाण्यांची स्मृती मेंदूच्या ज्या भागांशी निगडित आहे, त्या भागांना हा रोग इतर भागांच्या मानाने उशिरा व कमी प्रमाणात पोखरतो. इंग्लंडमधील संगीतज्ञ क्लाइव्ह वेअरिंग यांची स्मृती १९८५ साली मेंदूच्या दाहामुळे इतकी नष्ट झाली की काही क्षणांपूर्वीचे त्यांना आठवेनासे झाले. पण पियानोवर बोटे ठेवली की ते पूर्वीसारखे वाजवीत.

येथे एक इशारा दिला पाहिजे. अमुक रागाने तमुक रोग बरा होतो, अशा याद्या अधूनमधून छापून येतात. त्यांना शास्त्राचा आधार नाही. मोत्सार्टचे संगीत ऐकविल्याने मुले बुद्धिमान होतात, अशी एक लाट १९९३ नंतर जगभर आली. मूळ प्रयोगात दिसलेला लाभ अल्पसा आणि काही मिनिटांपुरताच होता. संगीताने मृत पेशी जिवंत होत नाहीत. तोंड वाकडे होणे, हात लुळा पडणे, बोलणे अडखळणे ही लक्षणे दिसताच रोग्याला ताबडतोब इस्पितळात न्यावे. रक्ताची गुठळी विरघळविणारे औषध साधारणतः पहिल्या साडेचार तासांतच देता येते. जोयड्यासारख्या जंगलपट्टीत वाटेचा वेळ धरून एकेक मिनिट मोलाचे आहे. गाण्याचे काम त्यानंतर सुरू होते. हेलसिंकी येथे २००८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, पक्षाघातानंतर ज्या रोग्यांना दोन महिने रोज त्यांच्या आवडीचे संगीत ऐकविले, त्यांची शब्दस्मृती व एकाग्रता इतरांपेक्षा अधिक सुधारली आणि खिन्नताही कमी राहिली. येथे ‘त्यांच्या आवडीचे’ हे शब्द महत्त्वाचे आहेत.

समाजाची स्मृती

जे एका माणसाचे, तेच थोड्याफार फरकाने समाजाचे. जोयडा, हल्याळ, यल्लापूर या तालुक्यांच्या जंगलात सिद्दी समाजाची वस्ती आहे. त्यांचे पूर्वज शतकांपूर्वी आफ्रिकेतून गुलाम, खलाशी व सैनिक म्हणून आणले गेले. गोव्यातील पोर्तुगीजांच्या जाचातून सुटून अनेकजण या अरण्याच्या आश्रयास आले. आज त्यांच्या घरांत कोकणी, मराठी, कानडी, उर्दू बोलली जाते. पूर्वजांच्या भाषा लोपल्या. परंतु दमाम हा ढोल आणि त्याच्या तालावरील नृत्य ही आजही त्या समाजाची ओळख आहे. धर्माने कोणी हिंदू, कोणी मुसलमान, कोणी ख्रिस्ती. दमाम मात्र साऱ्यांचा. भाषा विसरली गेली, पण एकत्र ताल धरण्याची रीत टिकून राहिली.

याच जिल्ह्यातील अंकोल्याच्या सुक्री बोम्मगौडा यांना २०१७ साली पद्मश्री मिळाली. शाळेची पायरी न चढलेल्या या हालक्की बाईंना शेकडो लोकगीते मुखोद्गत होती. २०२५ मध्ये त्या निवर्तल्या. इकडे महाराष्ट्रात हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी गावोगाव हिंडून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. त्यांची संख्या लाखावर गेली. जाते घराबाहेर गेल्यावरही ओवी बायकांच्या स्मृतीत शिल्लक होती, म्हणूनच हे कार्य साधले. मात्र लयीत ओवलेले शब्द एका आयुष्यापुरतेच सुरक्षित असतात. पुढच्या पिढीच्या कानांवर ते पडले नाहीत तर स्मृती कितीही चिवट असली तरी ती देहाबरोबर संपते.

आपल्या घरांपुढील प्रश्न

कारवार जिल्हा १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होता. त्यानंतर या भागातील मराठी घरे कर्नाटकात आली आणि त्यांनी कानडीशी आपुलकीने संसार केला. आज मुले कानडी किंवा इंग्रजी शाळेत जातात, खेळताना कोकणी बोलतात. मराठी उरते ती स्वयंपाकघरात आणि भजनाच्या सतरंजीवर. हीच स्थिती कमीअधिक प्रमाणात इंदूर, बडोदे, हैदराबाद, तंजावर येथील घरांची. मुलांना मराठी वाचता येत नाही, अशी खंत आपण सर्वजण करतो. ती रास्त आहे. पण मराठी गाण्याचा मार्ग अजून खुला आहे आणि तो मेंदूत खोलवर जातो, हे आपण विसरतो.

तेव्हा दोन कामे हाती घेण्याजोगी आहेत. पहिले, घरातील वडीलधाऱ्यांना आजच, त्या धडधाकट असताना, विचारून ठेवावे की त्यांची गाणी कोणती. कोणती अंगाई, कोणती भूपाळी, कोणत्या नाटकातले पद. त्यांच्याच आवाजात ती ध्वनिमुद्रित करून घ्यावीत व वहीत उतरवावीत. पुढे दुर्दैवाने वाचा वा स्मृती दगा देऊ लागली, तर डॉक्टरांच्या औषधाबरोबर ही वही उपयोगी पडेल. अपरिचित शांत संगीतापेक्षा त्या आजींचे स्वतःचे गाणे शतपटीने मोलाचे. दुसरे, मुलांना गाणे नुसते ऐकवू नये, त्यांच्याबरोबर गावे. समूहगानात गाणाऱ्यांचे श्वास एका लयीत येतात आणि त्यांच्या हृदयाचे ठोकेही बरोबरीने मंदावतात व वाढतात, असे स्वीडनमधील २०१३ च्या अभ्यासात दिसले. भजनाला बसल्यावर मन हलके होते म्हणतात, त्याचे हे एक कारण असावे. सूर कच्चा असला तरी चालेल. जन्मतः सूर न कळणारी माणसे फार थोडी. बाकीच्यांचा गळा केवळ सरावाअभावी अडलेला असतो.

आठवड्यातून एक संध्याकाळ, अर्धा तास, घरातील तीन पिढ्या एकत्र बसाव्यात आणि आजीने ओळ सांगावी, नातवंडांनी ती उचलावी. खर्च काही नाही. पुढे कधी त्या नातवंडांना गाव सोडावे लागले, देश सोडावा लागला, आणि त्याही पलीकडे वार्धक्यात एकेक शब्द हातून निसटू लागला, तर त्या संध्याकाळी शिकलेली ओळ त्यांच्यापाशी सर्वांत शेवटपर्यंत राहील.